धुमरी मावळेपर्यंत

धूम्रा नावाची तारका आकाशात नाही. कधीच नव्हती. हे मी आधीच सांगून मोकळा होतो, कारण आमच्या गावात हे वाक्य तोंडातून काढलं की समोरचा माणूस चहाचा कप अर्ध्यावर ठेवून उठतो. गाव शिरूर कासार तालुक्यातलं, डोंगराच्या पायथ्याचं. दिवाळीच्या आगंमागं निम्मं गाव ऊसतोडीला जातं, आणि गाड्या हलायच्या आधी सगळे एकदा पश्चिमेकडं बघतात, धुमरी मावळली का म्हणून. ही धुमरी आमच्या सरांनी तयार केली. मुद्दाम, पूर्ण शुद्धीवर असताना, एका चांगल्या कामासाठी. आणि तिच्यापायी माझी बायको उंबऱ्याच्या आत मरता मरता वाचली. म्हणून सरांबद्दल सांगायला लागलो की मला निम्मा राग येतो आणि निम्मी माया, आणि कोणतं कधी येईल याचा भरवसा नसतो.

सर आम्हाला विज्ञान आणि भूगोल शिकवायचे. आष्टीकडचे. शिरूरला खोली करून राहायचे, सकाळच्या एसटीनं यायचे आणि पाचच्या एसटीनं परत जायचे. उंच, वाकलेले, शर्टाच्या खिशात दोन पेनं आणि एक भिंग. या माणसाला एकच खोड होती, पण ती अशी होती की तिनं सगळी शाळा हैराण होती. काहीही सांगा, ते विचारायचे, "तू पाहिलंस?"

"सर, पाऊस येतोय."

"तू पाहिलास?"

"गण्या म्हणला."

"मग पाऊस येतोय म्हणू नकोस. गण्या म्हणाला पाऊस येतोय, असं म्हण."

तोवर आम्ही भिजून जायचो. पण सर वाक्य दुरुस्त करून घेतल्याशिवाय व्हरांड्यात येऊ द्यायचे नाहीत. पेपरात ठोकून दिलेल्या उत्तराला शून्य, आणि 'मला येत नाही' असं सरळ लिहिलं तर अर्धा मार्क. एका वर्षी एका पोरानं वीसही प्रश्नांना 'येत नाही' लिहून दहा मार्क मिळवले आणि पास झाला. हेडमास्तरांनी डोक्याला हात लावला. सर म्हणाले, "वर्गात एवढाच एक जण खरं बोलला, त्याला नापास कसं करू?"

एकदा वरचे साहेब शाळा तपासायला आले. ऑफिसात बसले, भजी खाल्ली, चहा घेतला आणि निघाले. शाळेच्या नोंदवहीत लिहायचं काम सरांकडं होतं. त्यांनी लिहिलं, 'साहेब आले. भजी खाल्ली. शाळा पाहिली नाही.' शाळा खासगी संस्थेची होती, बदलीची सोय नव्हती, म्हणून सर टिकले. लग्नात त्यांना माइक द्यायचं लोकांनी सोडलं होतं. एका नवरदेवाविषयी दोन शब्द बोला म्हटल्यावर ते उभे राहून म्हणाले होते, "मुलाला मी आजच पाहतोय. उंची बरी आहे." आणि खाली बसले. सरांच्या घरच्या बाई सांगायच्या, यांना भाजी कशी झाली हे विचारायची चोरी आहे.

असा माणूस खोटी तारका कशाला बनवील? मीसुद्धा सगळं घडून गेल्यावर त्यांना हेच विचारलं, आणि जरा चढ्या आवाजातच विचारलं. तर म्हणाले, "प्रयोग होता तो."

प्रयोग असा होता. सातवीच्या वर्गाला दर ऑक्टोबरात आठ दिवसांचा अभ्यास असायचा. दिवस मावळल्यावर बाहेर यायचं, पश्चिमेकडं तोंड करायचं, अभिजित शोधायची, श्रवण शोधायचा, खाली डोंगराजवळ तांबूस ज्येष्ठा शोधायची, आणि ज्येष्ठेच्या खाली एक वीत अंतरावर धूम्रा. वहीत रोज लिहायचं, दिसली की नाही. बाकीच्या तारका खऱ्या. धूम्रा मात्र सरांच्या मनातली. आठ दिवसांनी वह्या जमा व्हायच्या. सर फक्त एका गोष्टीची वाट बघायचे, की एखादा पोरगा किंवा पोरगी उभी राहील आणि म्हणेल, "सर, मला धूम्रा दिसली नाही." मग ते हसणार, गुपित फोडणार आणि सांगणार, याला विज्ञान म्हणतात.

कुणी उभं राहिलंच नाही! एका वर्षी नाही, दोन वर्षांत नाही. सगळ्या वह्यांत 'दिसली'. कुणाला निळसर, कुणाला धुरकट, कुणाला लुकलुकणारी. माझ्या वहीत आठही दिवस 'दिसली, मंद' असं आहे. मी खरं तर डोळे फाटेपर्यंत बघितलं होतं. काही नव्हतं तिथं. पण शेजारचा म्हणाला त्याला दिसली, मग मी कशाला मागं राहू? शेजाऱ्यानंही तेच केलं असणार.

सर वह्या तपासायचे, बाजूला सारायचे आणि म्हणायचे, "पुढच्या वर्षी पाहू." कुणी नाही म्हणेपर्यंत सांगायचं नाही, हा त्यांचा हट्ट. "मी सांगितलं तर तीसुद्धा ऐकीव माहितीच झाली. पोरानं स्वतः म्हटलं पाहिजे." मला विचाराल तर त्यांची चूक इथंच झाली. खरेपणाचाही माज असतो माणसाला, आणि तो सरांना होता.

दोन वर्षांनी आमच्या शाळेतल्या एकानं तालुक्याच्या विज्ञान प्रदर्शनात 'धूम्रा : एक अभ्यास' असा तक्ता लावला. त्यात तिचं अंतर, तापमान, वय सगळं. दुसरा नंबर आला. परीक्षक पाठ थोपटून म्हणाले, "पूर्वी फार ठळक दिसायची ही. आता प्रदूषण." सर त्या दिवशी डबा न उघडता घरी गेले म्हणतात.

हे सगळं हसण्यावारी गेलं असतं. पण मी ती धूम्रा घरी नेली होती.

आई-बाप ऊसतोडीला जायचे, मी गावात चुलतीकडं राहून शिकायचो. त्या वर्षी अभ्यासाचा आठवडा आणि गाड्या निघायचा आठवडा एकच आला. मी आईला अंगणात उभी करून बोट दाखवलं, "ती बघ, ज्येष्ठेच्या खाली. दिसती का?" आई म्हणाली, "व्हय, दिसती." मला लई आनंद झाला. चार दिवसांनी, दिवस बुडून अंधार पडल्यावर, त्यांची ट्रॉली गावाच्या शिवेवरच्या वळणाला उलटली. आईचा हात मोडला. माझी मावशी जागेवर गेली. सातवा महिना चालू होता तिला.

मयतीला आलेल्या बायकांत कुणीतरी विचारलं, त्या वक्ताला वर काय व्हतं? दुसरी म्हणाली, ती शाळंतली चांदणी, पोरं दावतेत ती. सगळ्यांनी आईकडं बघितलं. आई गळ्यात हात अडकवून बसली होती. ती म्हणाली, "व्हय. वरच व्हती."

एवढंच पुरलं. पुढच्या वर्षी मुकादमानं गाड्या उशिरा काढल्या, धुमरी मावळल्यावर. त्याच्या पुढच्या वर्षी सगळ्याच टोळ्यांनी. मग रिवाज झाला, की दिवस बुडाल्यापासून धुमरी मावळेपर्यंत शीव ओलांडायची नाही, आणि पोटुशी बाई असेल तर तिनं उंबरासुद्धा ओलांडायचा नाही. म्हातारी माणसं सांगायला लागली की आमच्या आज्याच्या वेळंपासून हे पाळतेत. एक पुढारी तर भाषणात म्हणाला, मी तुमच्यासाठी धुमरीसारखा डोळ्यात तेल घालून बसलोय. लोकांनी घाबरून टाळ्या वाजवल्या. जीपवाल्या गफूरभाईला मी एकदा छेडलं, "तुमी बी मानता का हो?" तर म्हणाला, "मानायचं काय त्यात? रोज बघतो मी. भाडं घ्यायच्या आधी बघतो."

आणि सर? सर पाचच्या एसटीनं परत जायचे. दिवस मावळताना हा माणूस कधी गावात नसायचाच. लोक धूम्राला धुमरी म्हणतात एवढं त्यांच्या कानावर होतं, त्याची त्यांना मौजच वाटायची. शिवेचं आणि उंबऱ्याचं त्यांना माहीत नव्हतं. मी त्यांना सांगायला हवं होतं. पण सांगायचं तर आधी माझी वही कबूल करावी लागली असती.

आता त्या संध्याकाळचं सांगतो. चार वर्षं झाली. मी तोवर शिरूरला ऑनलाइन फॉर्म भरायचं दुकान टाकलं होतं, लग्न झालं होतं, वडील वारले होते. ऑक्टोबर होता. बायकोचे दिवस भरायला अजून दोन आठवडे होते, म्हणून आम्ही निर्धास्त. साडेसहाला ती चुलीपासून उठायला गेली आणि तिचं पाणी गेलं. शेजारच्या आशाताई धावत आल्या, पोटावर हात फिरवला आणि त्यांचा चेहराच उतरला. मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "बाळ आडवं हाय. हितं न्हाई व्हायचं. बीडला हलवा, आन आत्ता हलवा."

अ‍ॅम्ब्युलन्स दुसऱ्या गावाला गेलेली, यायला तास लागणार होता. मी गफूरभाईच्या जीपकडं पळालो. जीप शाळेच्या फाटकाशी उभी होती. त्या दिवशी नेमके सर गावात थांबले होते. कुणीतरी दुर्बीण दिली होती, म्हणून त्यांनी पोरांना मैदानात जमवलं होतं. माझा चेहरा बघून ते काही न विचारता जीपमधे बसले.

दारात येऊन बघतो तर आई उंबऱ्यावर बसलेली. दोन्ही हात चौकटीला.

"घटकाभर थांबा," ती म्हणाली. "धुमरी मावळू द्या. मग न्या."

आमच्याकडं उंबऱ्यावर बसलेल्या वडीलधाऱ्या माणसाला ओलांडून कुणी जात नाही. बाहेरचा आत येत नाही, आतला बाहेर जात नाही. आणि आतून बायकोचं कण्हणं ऐकू येत होतं. मी आईच्या पाया पडलो. ओरडलो. तिचा हात धरून ओढायला गेलो, तर तोच हात हातात आला, मावशी गेली त्या दिवशी मोडलेला, वाकडा जुळलेला. मला ओढवेना. लाज वाटते सांगायला, पण नाही ओढवलं.

"माझी बहीण अशीच गेली," आई म्हणाली. तिचा आवाज अजिबात चढला नव्हता, त्याचीच मला जास्त भीती वाटली. "सून न्हाई जाऊ देणार मी."

आशाताई आतून ओरडल्या, "आत्याबाई, पोरगी थंड पडायलीय, उठा!"

तोवर अंगणात पंधरा-वीस माणसं गोळा झाली. सर पुढं झाले. एव्हाना लोकांच्या बोलण्यावरून त्यांना सगळा प्रकार कळला होता, आणि माणसाच्या तोंडावरचं रक्त उतरणं म्हणजे काय ते मी तेव्हा बघितलं. ते आईसमोर मातीत बसले.

"बाई, धूम्रा नाहीच. मी बनवलीय ती. पोरांची परीक्षा घ्यायला. तिथं काही नाही."

मग गर्दीतून एक जण म्हणाला, "न्हाई कशी? ती काय!"

"कुठं?" सर ताडकन उठले. "दाखवा मला. सगळ्यांनी दाखवा."

सात-आठ बोटं वर गेली. एक डोंगराच्या टोकाकडं, एक पार डावीकडं, एक जवळजवळ डोक्यावर. सर म्हणाले, "बघा, बघा तुमची बोटं! एकाची तरी दुसऱ्याशी जुळते का?" माणसांनी एकमेकांच्या बोटांकडं बघितलं. मग गफूरभाई हळूच म्हणाला, "गुरुजी, हलती ती." आणि सगळ्यांनी माना डोलावल्या.

"माझ्या पोरानं बघितलीय," आई म्हणाली. "तुमीच शिकवलंत त्याला. इचारा त्याला."

सगळे माझ्याकडं वळले. सरही. पाऊण तास होत आला होता, बायकोचा आवाज आता येत नव्हता. मी म्हणालो, "आई, मी नव्हती बघितली. खोटं बोललो व्हतो. वहीत खोटं लिहिलं. मला धूम्रा कधीच दिसली नाही."

वीस वर्षं ज्या वाक्यासाठी सर थांबले होते ते हेच वाक्य. मी त्यांच्याकडं बघितलं. त्यांचे डोळे भरून आले होते.

आणि आई म्हणाली, "बायकोपायी बोलतोस तू हे. मला कळतं." तिनं चौकट आणखी घट्ट धरली.

सरांनी चष्मा काढला. शर्टाच्या टोकाला पुसला, परत लावला. पश्चिमेकडं तोंड करून उभे राहिले. मग ते मोठ्यानं, वर्गात बोलायचे त्या आवाजात म्हणाले, "गेली. धुमरी मावळली."

"अजून चमकती की, गुरुजी!" गर्दीतून कुणीतरी म्हणालं.

"ती ज्येष्ठा. धुमरी आत्ता डोंगराआड गेली, माझ्या डोळ्यांदेखत. मी पाहिली." मग माझ्याकडं न बघता म्हणाले, "हा पोरगा घाबरून काहीही बोलतोय. तारका आहे. मी वीस वर्षं पाहतोय. आता मला तुम्ही शिकवणार?"

आई ताबडतोब उठली. तिनंच सुनेला खांद्याचा आधार दिला.

जीपमधे मागं बायको, आई, आशाताई. पुढं गफूरभाईशेजारी मी आणि कडेला सर. खड्डा आला की मागून हुंदका यायचा, आणि नाही आला की मी जास्त घाबरायचो. शीव ओलांडली तेव्हा सर म्हणाले, "तू म्हणालास. ऐकलं मी."

मी मागं वळून बायकोकडं बघितलं.

"आणि मी तुला खोटं पाडलं. सगळ्यांसमोर."

"सर, गप बसा," मी म्हणालो. शाळेतल्या गुरूला मी जन्मात पहिल्यांदाच असं बोललो, आणि ते खरंच गप्प बसले.

पुढं सरांनी गावात येऊन, पारावर बसून, ग्रामसभेत उभं राहून किती वेळा खरं सांगितलं! दर ऑक्टोबरात सांगतात. निवृत्त होऊन आष्टीला गेले तरी एसटीनं येतात आणि सांगतात. लोक ऐकून घेतात, चहा पाजतात. पाठ फिरली की म्हणतात, गुरुजीला वयामानानं दिसंना झालंय, आपणच संभाळून घ्यावं. धुमरी मावळताना गुरुजींनी स्वतः बघितली, याला अख्खं अंगण साक्षी आहे. मी काही बोलायला गेलो तर म्हणतात, तू गप रे, तू त्या दिवशी काय बोलत व्हतास ते आमाला ठाऊक हाय. ज्यानं जन्मभर एक शब्द खोटा काढला नाही, त्याचं एकमेव खोटं गावानं खरं म्हणून धरून ठेवलंय.

पण एक माणूस राहिला सांगायचा.

बीडला पोट फाडून बाळ काढलं. मुलगी. दोघी वाचल्या. डॉक्टरीण बाई भल्या, पण मला बाहेर गाठून झापलंच त्यांनी, "एवढा उशीर का केला? अजून थोडा वेळ गेला असता तर मी काही करू शकले नसते." आई माझ्या मागंच उभी होती. तिनं ऐकलं. सकाळी सर चहाचा थर्मास घेऊन आले तेव्हा ती वॉर्डाच्या दाराबाहेर भिंतीशी तशीच उभी होती. बाकडं रिकामं होतं तरी बसली नव्हती.

"गुरुजी," ती म्हणाली, "मला ती कधीच दिसली न्हाई."

सरांनी थर्मास बाकड्यावर ठेवला.

"हा बारा वर्साचा व्हता. बोट दावून म्हणला, दिसती का. मी म्हणलं, व्हय. लेकराला कशाला खोटं पाडायचं? मग बहीण गेली. समद्या म्हणल्या व्हती, मी बी म्हणलं व्हती. मला वाटलं, माझेच डोळे अधू हायेत. एवढे लोक बघतेत, आपल्यालाच कावून दिसंना?" तिनं सरांकडं बघितलं. "आता खरं सांगा. हाय का न्हाई ती?"

मी सरांचा दंड धरला. नका सांगू, हे मला म्हणायचं होतं. आहे म्हणा, आत्ता एवढ्या एका वेळेला म्हणा. नाही म्हणालात तर ही बाई कशी जगायची? सरांना ते कळलं. त्यांनी माझा हात हळूच बाजूला केला.

"नाही, बाई," ते म्हणाले. "ती नाही."

"काल मावळली म्हणलात ते?"

"खोटं बोललो. तुम्ही उठावं म्हणून."

"आन माझी बहीण?"

"वळण वाईट होतं. अंधार पडला होता. ट्रॉलीत माणसं फार होती."

"आन काल मी उंबऱ्यात बसले, ते?"

या माणसाला उत्तर माहीत असून बोलवत नाही, हे मी तेवढं एकदाच बघितलं. ते रडत होते. चष्म्याखालून पाणी गालावर आलं तरी त्यांनी पुसलं नाही.

आईनं पदर सारखा केला आणि ती आत गेली. मी मागोमाग गेलो. बायको जागी होती, तोंड सुकलेलं, कुशीत एवढंसं बाळ. आई कॉटच्या पायथ्याशी उभी राहिली. सासू सुनेसमोर अशी उभी राहिलेली मी आमच्या घरात तर नाहीच, गावातही कधी बघितली नव्हती.

"पोरी," ती म्हणाली, "काल मी तुला उगंच अडवलं. वर काय बी नव्हतं. माझं चुकलं."

बायको वर छताकडं बघत राहिली. मला वाटलं, आता ही काय बोलेल ते बोलेल, आणि तिनं काहीही बोललं तरी ते बरोबरच असेल. बाहेर दारात सर उभे होते, तेही आत येईनात. मग बायकोनं टाके सांभाळत बाळाला आपल्याकडं ओढलं, आणि कॉटच्या कडेला जरा जागा केली.

"बसा आता," ती म्हणाली. "रात्रभर उभ्याच ऱ्हायलात."